फिटरचा अ

आपल्या नावाचा अर्थ ‘तुंबलेला’ असा होतो हे फिटरला कळलं, तेव्हा तो बावन्न वर्षांचा होता आणि त्याच्या नखांत तिसऱ्या मजल्यावरच्या मोरीतला काळा साबण तसाच होता.

ही खूशखबर आणली त्याच्या लेकीनं. लेक संस्कृत घेऊन एम. ए. झाली होती, निकाल लागला होता, आता पदवीचा कागद छापायला जायचा होता. कॉलेजनं प्रत्येकाला नाव तपासायला कच्चा कागद दिला होता. तो समोर धरून ती स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली.

“बाबा, तुमचं नाव निरुद्ध कुणी ठेवलं?”

“अण्णांनी. का?”

“असं नाव नसतंच हो. निरुद्ध म्हणजे अडवलेला. रोखलेला. कोंडलेला.”

“मला कळेल असं सांग.”

लेक थोडी घुटमळली. “चोकअप.”

आत भांडी विसळणारी फिटरची बायको एवढ्या जोरात हसली की हातातली ताटली सिंकमध्ये आपटली. फिटरला मात्र हसू आलं नाही. तीस वर्षं तो लोकांची तुंबलेली बेसिनं, मोऱ्या, गटारं मोकळी करत आला होता. लांबलचक लोखंडी स्प्रिंग पाइपात सरकवायची, पीळ द्यायचा, आत अडलेला केसांचा बोळा हाताला लागला की हळूच ओढून काढायचा, आणि मग पाणी घुळघुळ करत गेलं की घरातली माणसं देव भेटल्यासारखी बघतात. नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा असं म्हणतात. इथे वाळा बावनकशी होता, नावच कथलाचं निघालं होतं.

“वर्गातल्या पोरींनी बघितलं का हे?” त्यानं विचारलं.

“दोन वर्षांपूर्वीच. मला चोकअपची लेक म्हणतात. तुम्हाला बोलले नव्हते.”

खिडकीशी खुर्ची टाकून फिटरचे वडील बसले होते. वय चौऱ्याऐंशी. सगळी हयात त्यांनी एका सायकल दुकानात वाकडी चाकं सरळ करण्यात घालवली. काम हातांचं होतं, तोंडाचं नव्हतं, म्हणून निभावलं. कारण म्हाताऱ्याची जीभ जन्मापासून अडखळायची. कुठलंही वाक्य बाहेर काढायचं तर आधी ‘अ… अ…’ असे दोनचार धक्के द्यावे लागत, बंद पडलेली गाडी ढकलून सुरू करतात तसे. दुकानात त्यांना ‘अडखळराव’ म्हणत. घरच्यांना मात्र त्यांचे अ कानाआड करायची इतकी सवय होती की ते ऐकूच येत नसत.

“अ… चूक आहे ते,” म्हातारा म्हणाला. “अ… अ… अनिरुद्ध.”

“तेच म्हणतेय ना मी, आजोबा. निरुद्ध.”

म्हाताऱ्यानं मान हलवली. नातीच्या हातातलं पेन घेतलं, कच्च्या कागदाच्या कोपऱ्यात सावकाश, चाकात आरे बसवावेत तसं एकेक अक्षर बसवलं. अ. नि. रु. द्ध.

तिघंही त्या कागदावर वाकले. बायकोनं ओले हात पदराला पुसले आणि पहिली तीच बोलली. “अगं बाई, अ पण होता.”

बावन्न वर्षं फिटर स्वतःही समजत होता की वडील हाक मारताना जो अ लावतात तो त्यांच्या अडखळण्याचा. एरवी घरात त्याला बाळ्याच म्हणत. शाळेत मास्तर आडनावानं बोलवत. धंद्यात तो फिटर. पूर्ण नावाची गरज पडायची ती कागदावर, आणि सगळे कागद आईच्या पेटीत. आईला अक्षर ओळखीचं नव्हतं. एक अख्खा अ असा दिवसाढवळ्या चोरीला गेला आणि घरात कुणाला पत्ता नाही.

“अण्णा, हे नाव तुम्हाला सुचलं तरी कसं?”

म्हाताऱ्यानं जे सांगितलं त्याला पंधरा मिनिटं लागली. त्यातला गोषवारा असा : दुकानात एक मास्तर पंक्चर काढायला यायचे. मुलगा झाला तेव्हा म्हाताऱ्यानं त्यांना विचारलं, ‘न अडकणारा’ अशा अर्थाचं नाव आहे का? मास्तर म्हणाले, आहे, अनिरुद्ध. ज्याला कुणी रोखू शकत नाही तो. म्हाताऱ्याला ते पटलं. आपली जीभ अडकते, पोराचं तरी काही अडू नये. आणि दुसरं म्हणजे ते अ पासून सुरू होत होतं.

“अ… माझ्या तोंडात अ… कायमच असतो. म्हटलं, अ… नावातच घेऊ. फुकट जायला नको.”

लेकीचे डोळे चमकले. तिचा अभ्यास तिथेच सुरू झाला. अनिरुद्ध म्हणजे कृष्णाचा नातू, प्रद्युम्नाचा मुलगा. विष्णूच्या हजार नावांतही हे नाव येतं. उषा नावाच्या राजकन्येला तो स्वप्नात दिसला, तिच्या सखीनं चित्रं काढून काढून तो ओळखवला आणि झोपेतच उचलून आणला. मग उषेच्या बापानं, बाणासुरानं, त्याला सापांच्या फासात बांधून घातलं.

“म्हणजे तोही अडकलाच की,” फिटर म्हणाला.

“हो, पण सोडवायला कृष्ण सैन्य घेऊन गेला.”

“हजार नावांतलं एक माझं होतं, तेही नीट मिळालं नाही. मला सोडवायला कोण येणार? ड्रेनेज खातं?”

“आणि बाबा, निरुद्ध अगदीच वाईट नाही हं. योगात चित्ताच्या पाच अवस्था सांगितल्यात, त्यात निरुद्ध सगळ्यात वरची. मनातल्या सगळ्या वृत्ती थांबलेल्या.”

“मला वरची अवस्था नको. माझा अ हवाय.”

बायको म्हणाली, “मी आपली ‘अहो’ म्हणते. माझ्यापुरता तुमचा अ शाबूत आहे.”

‘माझा अ हवाय’ हे फिटर बोलून गेला ते चिडून, पण रात्र उलटली तरी ते गेलं नाही. तीन आठवड्यांनी पदवीदान होतं. व्यासपीठावरून प्रत्येकाचं नाव माईकवर वाचतात, बापाच्या नावासकट. भरल्या सभागृहात, संस्कृतच्या एकेक दिग्गजासमोर, ‘निरुद्ध’ वाचलं जाणार. त्यांना अर्थ सांगावा लागणार नाही. कॉलेजनं सांगितलं होतं : बापाच्या नावात बदल हवा तर नोंदणी कचेरीचा दुरुस्ती दाखला शुक्रवारी पाचच्या आत आणा. हातात नऊ दिवस होते. फिटरनं मनाशी म्हटलं, नऊ दिवसांत मी अख्ख्या इमारतीची लाइन बदलतो, एक अक्षर काय चीज आहे.

पण घोडं पहिल्याच पायरीवर पेंड खायला लागलं.

नाव पहिल्यांदा लिहिलं गेलं ते फिटरच्या शाळेत. तिथे हेडक्लार्क बाई होत्या. त्यांनी दोन दिवस ‘कपाटाची किल्ली शिपायाकडे’ आणि ‘शिपाई रजेवर’ यात घालवले. तिसऱ्या दिवशी जाडजूड रजिस्टर टेबलावर आलं. कडा वाळवीनं कुरतडलेल्या, मधली पानं धड. फिटरची ओळ सापडली. नाव : निरुद्ध. वडिलांचा धंदा : सायकल दुरुस्ती. शेरा : वडिलांनी समक्ष तोंडी सांगितले.

“हे बघा,” बाई म्हणाल्या, “आमच्याकडून चूक नाही. सांगितलं ते लिहिलंय.”

“लिहिलं कुणी?”

“जुने कारकून. वारून वीस वर्षं झाली.”

फिटरला ते कारकून आठवले. हिरव्या सायकलवरून यायचे. दुकानातली बाकीची गिऱ्हाइकं म्हाताऱ्याच्या तोंडातला शब्द ओढून घ्यायची, नाहीतर हसायची. हा माणूस थांबायचा. मान तिरकी करून ऐकायचा, मधले अ गाळायचा आणि उरलेलं बरोबर समजून घ्यायचा. म्हाताऱ्याचं बोलणं समजणारा तो एकच परका माणूस. म्हणजे त्या दिवशीही त्यानं तेच केलं असणार. ‘अ… अ… अनिरुद्ध’ ऐकलं असेल, आणि चांगुलपणानं सगळेच अ कापून टाकले असतील. वाईट माणसानं केली असती तर चार शिव्या तरी देता आल्या असत्या. शिव्या देण्याचंही सुख नशिबात नाही म्हटल्यावर फिटर आणखीच वैतागला.

“बाई, तुम्ही एवढं लिहून द्या की तुमच्या माणसाची चूक झाली.”

“मेलेल्या माणसाची चूक मी कशी लिहू? मी तेव्हा जन्मलेही नव्हते.”

नोंदणी कचेरीत आणखी दोन दिवस गेले. एका खिडकीवर ‘पलीकडे’ म्हणत, पलीकडच्या खिडकीवर ‘जेवणाची सुट्टी’. शेवटी चष्मा कपाळावर चढवलेल्या एका साहेबांनी फॉर्म हातात दिला. माणूस तसा तुसडा नव्हता. त्यांनी पेन्सिलनं खूणही करून दिली.

“हा रकाना बघा. चुकीचं कारण. इथे दोनच कारणं चालतात. एक, लिहिणाऱ्याची चूक. त्याला संस्थेचं पत्र लागतं.”

“ते देत नाहीत.”

“मग दोन, सांगणाऱ्याची चूक. वडील आहेत?”

“आहेत.”

“मग सोपं आहे. त्यांनी लिहून द्यायचं, ‘माझ्या बोलण्यातील दोषामुळे नाव चुकीचे नोंदले गेले.’ खाली सही. तासाभरात दाखला.”

फिटर हलक्या अंगानं घरी आला. म्हाताऱ्यापुढे फॉर्म ठेवला, बोट दाखवलं, पेन दिलं. “इथे सही करा, अण्णा.”

म्हातारा काहीही सही करण्याआधी वाचायचा. जेवणाआधी हात धुतात तसं त्याचं ते होतं. चष्मा लावला. ओठ हलवत वाचलं. पुन्हा वाचलं. मग पेनचं टोपण बसवून पेन फॉर्मवर आडवं ठेवलं.

“अ… नाही.”

“काय नाही?”

“अ… हे खोटं आहे.”

“अहो खोटं कसं? तुम्ही बोलायला लागलात की आधी अ येतात. त्यांनी ते गाळले, त्याबरोबर नावाचाही गेला. यात लाजायचं काय? सगळ्या गावाला माहीत आहे.”

म्हाताऱ्याचा चेहरा लाल झाला. तोंड उघडं, शब्द घशात. फिटरनं सवयीनं वाक्य पुरं करायला घेतलं, “दुखतंय का, पाणी…” तर म्हाताऱ्यानं हात वर करून त्याला थांबवलं. तसा हात त्यानं कधी केला नव्हता.

“अ… चार दिवस. अ… चार दिवस मी घोकत होतो. अ… चाक फिरवायचं, आणि… फिरतंय तोवर… म्हणायचं. अनिरुद्ध. अनिरुद्ध. मालक म्हणाला… अ… वेड लागलं का. शाळेत गेलो. अ… कारकुनानं विचारलं. मी सांगितलं.” त्यानं श्वास घेतला. “त्या दिवशी… अ… एकच अ होता, बाळ्या. नावाचा.”

नळाच्या तोटीला फिटरनं गेल्या महिन्यात वॉशर घातला होता तरी ती टपटपत होती, आणि तेसुद्धा त्याला आत्ताच ऐकू यावं याचा त्याला राग आला.

म्हणजे हयातभरात एकदा, त्या एका दिवशी, हा माणूस न अडखळता बोलला होता. आणि ज्यानं ऐकलं त्याला अडखळणं ऐकायची इतकी सवय होती, की त्यानं खरा अ खोटा समजून छाटला.

बायकोनं मध्यम मार्ग काढला. “मामंजी, तुम्ही मनातून नका मानू. कागदावर सही करा. कागद कोण वाचतंय?”

“अ… मी वाचला.”

लेकीनं नुसतं कॅलेंडरकडे बघितलं. गुरुवार होता.

शुक्रवारी म्हातारा सकाळीच धुतलेला सदरा घालून बसला. “अ… मी येतो. साहेबाला… मी सांगतो.” फिटरला वाटलं, चला, साहेबासमोर गेल्यावर मवाळ होतील. सरकारी टेबलापुढे भल्याभल्यांचा ताठा उतरतो. दुपारी एका मोरीचं आणि दोन फ्लशचं काम टाकून दोघं कचेरीत पोचले तेव्हा तीन वाजले होते. रांग होती. खिडकी येईतो चार वाजायला दहा मिनिटं उरली.

साहेबांनी फॉर्म बघितला. “सही राहिलीय.”

“वडील आलेत. तेच बोलतात म्हणाले,” फिटर म्हणाला.

“बोला आजोबा.”

म्हाताऱ्यानं खिडकीचा कट्टा दोन्ही हातांनी धरला. “अ… अ… अ…”

मागे एक बाई दुसरीला म्हणाली, “आता वर्णमाला पुरी करणार वाटतं.” दोघी हसल्या. फिटर वळला, तशा गप्प झाल्या.

“अ… त्या… अ… अ…”

साहेबांनी घड्याळाकडे बघितलं. मग समंजसपणे फिटरकडे. “हे बघा, दोष दिसतोच आहे. सहीचीही गरज नाही, अंगठा घेतो. आजोबा, तुमच्या बोलण्यामुळे चूक झाली होती ना? नुसती मान हलवा. नाहीतर तुम्ही सांगा हो त्यांच्या वतीनं. हो ना?”

शिक्का साहेबांच्या हातात होता. ‘हो’ म्हणायला फिटरला श्वासही पुरा लागला नसता. बावन्न वर्षं तो बापाची वाक्यं पुरी करत आला होता, दुकानात, दवाखान्यात, बसमध्ये. एक आणखी केलं असतं तर अ हातात होता. लेक कॉलेजच्या दारात उभी होती.

“त्यांना बोलू द्या,” फिटर म्हणाला, आणि बोलता बोलताच स्वतःच्या थोबाडीत मारावी असं त्याला वाटलं.

चार मिनिटं लागली. रांगेतली माणसं पाय बदलत होती. पंखा कट्टकट्ट करत होता.

“अ… त्या दिवशी… मी… अ… नीट बोललो होतो. अ… लिहिणाऱ्यानं… चुकवलं.”

साहेबांनी शिक्का खाली ठेवला. “मग हा फॉर्म चालत नाही. कारण क्रमांक एक होतं. शाळेचं पत्र आणा.” आणि ते खरंच वाईट वाटल्यासारखं म्हणाले, “मी तुमच्या सोयीचंच सांगत होतो.”

बाहेर आल्यावर फिटरचा बांध फुटला. तो भर रस्त्यात बापावर ओरडला. आयुष्यात पहिल्यांदा.

“मान हलवायची होती नुसती. मान! एरवी दिवसभर हलवता. पोरीचं काय? मी नऊ दिवस कामं सोडून या खिडकीवरून त्या खिडकीवर नाचतोय ते कशाला? तुम्ही नीट बोललात हे कुणाला पाहिजे? तो कारकून मेला, आई गेली. आता कोण ऐकणार आहे?”

येणारेजाणारे बघत होते. म्हातारा भिंतीला हात लावून उभा होता.

“अ… रागावलास?”

“हो.”

“अ… रागाव,” म्हातारा म्हणाला, आणि घराच्या दिशेनं चालायला लागला.

फिटर त्याच्या मागे दहा पावलं ठेवून चालला. पुढे गेला असता तर म्हातारा मागे पडला असता, बरोबरीनं जायची इच्छा नव्हती. फोन वाजत होता, कुणाची तरी मोरी वर आली होती, त्यानं उचलला नाही. लेकीचा आला तो मात्र उचलावा लागला.

“झालं?”

“नाही.”

ती म्हणाली, “म्हणजे माईकवर निरुद्धच.”

“हो.”

“आजोबांनी सही नाही केली?”

“आजोबा म्हणाले, ते नीट बोलले होते.”

“आणि तुम्ही?”

“मी म्हटलं, बोलू द्या.”

तिनं फोन ठेवला. घरी आल्यावर ती आजोबांशीही बोलली नाही, बापाशीही नाही. जेवताना आईनं दोनदा विषय काढला, दोन्ही वेळा ताटं लवकर उचलली गेली. कच्च्या कागदावर ‘बरोबर’ असं लिहून तिनं सही करून दिली होती. शनिवार गेला, रविवार गेला. फिटरनं टपटपणाऱ्या तोटीचा वॉशर तीनदा बदलला, आणि तिसऱ्यांदा अख्खी तोटीच उपटून नवी बसवली.

सोमवारी शाळा उघडायच्या आधी तो फाटकाशी उभा होता. हेडक्लार्क बाई पर्समधून किल्ल्या काढत आल्या, त्याला बघून त्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या.

“तुम्ही परत? शुक्रवारची मुदत होती म्हणाला होतात ना?”

“गेली ती.”

“मग आता पत्र घेऊन काय करणार?”

“काही नाही. तुम्ही लिहून द्या. अमुक दिवशी वडिलांनी नाव बरोबर सांगितलं, ऐकणाऱ्यानं चुकीचं लिहिलं. एवढंच.”

“अहो, पण त्याचा उपयोग काय?”

“उपयोग नाही. म्हाताऱ्याला वाचायला द्यायचंय.”

“असं पत्र देता येत नाही हो. कुठल्या नियमात बसत नाही. मुख्याध्यापक अकराला येतात, त्यांनाही विचारलंत तरी ते नाहीच म्हणणार.”

“म्हणू देत,” फिटर म्हणाला. तार आणि पान्यांची पिशवी त्यानं पायाशी ठेवली आणि व्हरांड्यातल्या बाकावर अकरा वाजायची वाट बघत बसला.